चमकणारे पुस्तक

मिखाएल एंडे या जर्मन लेखकाच्या १९७९ सालच्या कादंबरीची गोष्ट गुरुजींनी आम्हांला सांगितली. त्यातला बास्टिअन पुस्तक वाचता वाचता त्यातल्या जादूच्या राज्यात शिरतो. पुस्तकाचा पुठ्ठा तांब्याच्या रंगाच्या रेशमाचा. हातात घेऊन हलवला की चमकतो. (त्याने ते दुकानातून चोरले, हे काही मला पटले नाही.) पण अंधार पडल्यावर वाचायला त्याला मेणबत्त्याच लावाव्या लागल्या!

म्हणजे हातात घेतले तरच पुस्तक चमकते. आमची पुस्तके मात्र कपाटात, कुलपात. मोठी माणसे म्हणतात, पोरं फाडतील. फाटतील एखाद-दोन! आम्ही खळीने चिकटवू. दर शनिवारी एकेक पुस्तक घरी द्या. लाईट गेली तर मी कंदील लावीन. आजीलाही वाचून दाखवीन.