मॉर्टनला चहाडखोर म्हणण्याआधी

राजघराण्यांची आणि नटनट्यांची चरित्रं लिहिणाऱ्याला चहाडखोर ठरवून मोकळं होणं सोपं असतं. ब्रिटनच्या अँड्र्यू मॉर्टनवर हा शिक्का 1992 पासून बसलेला आहे. टॅब्लॉइडमधून आलेला, राजवाड्याची परवानगी नसलेला माणूस चरित्र काय लिहिणार, असा आक्षेप.

पण परवानगीने काय साधतं? पाचव्या जॉर्जचं चरित्र हॅरल्ड निकल्सनकडे सोपवताना, घराण्याला कमीपणा आणणारं सगळं गाळा, अशी समज त्याला आधीच दिली गेली होती. दफ्तरं उघडली, लेखणी मात्र बांधली गेली.

मॉर्टनची रीत उलटी. 1992 च्या युवराज्ञी डायनावरच्या पुस्तकासाठी तो तिच्यासमोर कधी बसलाच नाही. तो प्रश्न लिहून द्यायचा. तिचे मित्र डॉक्टर जेम्स कोल्थर्स्ट ते केन्सिंग्टन राजवाड्यात न्यायचे, पुष्कळदा सायकलवरून. ती टेपरेकॉर्डरसमोर उत्तरं द्यायची आणि टेप बाहेर यायची. पुढे हस्तलिखितावर तिने स्वतःच्या हाताने दुरुस्त्याही केल्या. चहाडी अशी तपासून घेतात का?

जून 1992 मध्ये ‘संडे टाइम्स’ने उतारे छापले आणि गहजब झाला. काही दुकानांनी पुस्तक ठेवायला नकार दिला. वृत्तपत्रांवर देखरेख ठेवणाऱ्या मंडळाचे अध्यक्ष लॉर्ड मॅकग्रेगर यांनी पत्रकारांना खडसावलं. पुस्तकात डायनाचा हात नाही, अशी ग्वाही त्यांना दिली होती राणीचे खासगी सचिव रॉबर्ट फेलोज यांनी, म्हणजे डायनाच्या सख्ख्या मेहुण्यांनी, तेही तिच्याच शब्दावर. खरं कळल्यावर फेलोजनी राजीनामा देऊ केला. 9 डिसेंबरला पंतप्रधान जॉन मेजर यांनी संसदेत जाहीर केलं, की डायना आणि तिचा नवरा युवराज चार्ल्स विभक्त होत आहेत.

पुस्तक एकांगी होतं, हे मान्य. पण 1994 मध्ये जोनाथन डिंबलबी यांनी चार्ल्सच्या पूर्ण सहकार्याने चरित्र लिहिलं, तेही त्याच्याच बाजूचं. त्यांना कोणी चहाडखोर म्हटलं नाही!

डायना वारल्यावर काही आठवड्यांतच मॉर्टनने तिचे शब्द उघड करून नवी आवृत्ती काढली, हा आक्षेप मात्र जड आहे. घाई होती, पैसाही होता. दोन्हींचं समर्थन करवत नाही. तरीही त्या टेपा दडवून ठेवल्या असत्या तर पाच वर्षं खोटं कोण बोलत होतं, हा प्रश्न तसाच लोंबकळत राहिला असता.

मग मॉर्टनचं सगळंच उचलून धरायचं का? नाही. 2008 चं टॉम क्रूझचं चरित्र पाहा. नायकाचं सहकार्य नाही, भोवतालचे लोक गप्प. उरले दुरून ऐकलेले किस्से आणि तर्क. बदनामीच्या कडक कायद्यामुळे ब्रिटनमध्ये ते निघालंच नाही. डायनाचं पुस्तक मॉर्टनच्या जमेला धरा, क्रूझचं धरू नका.