कॅमेरा कुणाचा, आवाज कुणाचा?

जुलै २०१० ची घटना. अमेरिकेच्या अलाबामा राज्यात हंट्सव्हिल शहरातील गरिबांच्या सरकारी वसाहतीत एक माणूस खिडकीतून घरात शिरला आणि त्याने एका कृष्णवर्णीय तरुणीवर बलात्काराचा प्रयत्न केला. तिचा भाऊ अँटवान डॉडसन स्थानिक वाहिनीपुढे संतापून बोलला, वस्तीला सावध केले. ग्रेगरी ब्रदर्स या मंडळींनी त्या बोलण्याला चाल लावून ते यूट्यूबवर टाकले. गाणे बिलबोर्डच्या यादीत ८९ व्या क्रमांकावर गेले. जग हसले, बहिणीवरचा हल्ला विसरले.

डॉडसनला कमाईत निम्मा वाटा मिळाला, कुटुंबाला वसाहतीबाहेर घर मिळाले. याचा आनंदच आहे. पण गाणे आधी झाले, वाटा नंतर ठरला. संताप त्याचा, कात्री दुसऱ्याची!

बाबासाहेबांनी १९२० साली ‘मूकनायक’ काढले ते आपले दुःख आपल्या शब्दांत मांडता यावे म्हणून. आज मोबाईल आपल्या हाती आहे. तेव्हा बांधवांनो, अन्यायग्रस्ताची चित्रफीत पुढे पाठवण्याआधी पाहा : त्याचे पूर्ण म्हणणे तिच्यात आहे का? त्याची संमती आहे का? नसेल तर आपणही हसणाऱ्यांच्याच रांगेत उभे आहोत.