‘शुद्ध’लेखनाची लाल शाई कुणाच्या वहीवर?

पाचवीतलं मूल ‘घर’ऐवजी ‘धर’ लिहितं. जोडाक्षर उलटं पडतं, वेलांटी रोज वेगळी. हे मूल सधन घरातलं असेल तर त्याला समुपदेशक मिळतो, प्रमाणपत्र मिळतं, परीक्षेत जादा वेळ मिळतो. तेच मूल वस्तीतलं असेल तर मास्तर म्हणतात, “यांच्या घरात अभ्यासाचं वातावरणच नाही.” अडचण एकच, निदान मात्र दोन! एकाला डिस्लेक्सिया, दुसऱ्याला जात.

हा दोष एकट्या मास्तरांचा नाही. अमेरिकेच्या १९७५ च्या कायद्यानेच अध्ययन अक्षमतेच्या व्याख्येतून आर्थिक-सांस्कृतिक वंचिततेमुळे मागे पडलेली मुलं वगळली होती. म्हणजे गरिबाच्या पोराचं अडखळणं गरिबीच्या खात्यावर टाकून मोकळं व्हायची सोय! आपल्या २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात अशी अट नाही. त्याच्या व्याख्येत लिहिण्याची आणि स्पेलिंगची अडचण स्पष्टपणे येते. शाळकरी मुलांचं दर पाच वर्षांनी सर्वेक्षण करा, असं कलम १७ सांगतं. तुमच्या तालुक्यात ते झालेलं कुणी पाहिलंय?

तपासणीची साधनं नाहीत, ही सबबही चालणार नाही. मानेसरच्या राष्ट्रीय मेंदू संशोधन केंद्राने तयार केलेली ‘डाली’ चाचणी मराठीतही आहे.

मित्रांनो, उलट्या बाजूचा धोकाही ओळखा. ‘पाणी’ला ‘पानी’ लिहिणारं मूल अक्षम नाही, ते आईची बोली लिहितंय. ज्याला नीट शिकवलंच नाही, तेही अक्षम नाही. बोली, शिक्षकांची हयगय आणि अक्षमता या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. एकाच लाल शाईने तिन्ही खोडल्या जातात, आणि शेरा एकच: ‘अशुद्ध’. लेखनातही सोवळं-ओवळं! जोतीरावांची भाषा अशीच चिपळूणकरांनी हिणवली होती. व्याकरण काढलं की मुद्द्याला उत्तर द्यावं लागत नाही.

बाबासाहेबांनी ‘शिका’ सांगितलं, ते फक्त पहिल्या नंबरच्या पोरांसाठी नव्हतं. ज्याच्या डोळ्यांपुढे अक्षरं ठरत नाहीत, तेही आपलंच लेकरू आहे. त्याला ‘ढ’ म्हणून शाळेतून काढून कामाला जुंपणारे आपल्यातही आहेत, हे कबूल करा.

म्हणून जयंतीच्या वर्गणीचा हिशेब मांडताना एक अर्जही लिहा. कलम १७ चं सर्वेक्षण कधी केलं, किती मुलं तपासली, हे माहिती अधिकारात गटशिक्षणाधिकाऱ्यांना विचारा. अर्जात वेलांटी चुकली तरी चालेल. उत्तर मात्र त्यांना द्यावंच लागेल.

जय भीम!