‘कंपोस्टेबल’ खाद्यवेष्टनांच्या विल्हेवाटीबाबत निवेदन

प्रति,
मा. आयुक्त,
महानगरपालिका.

विषय : ‘कंपोस्टेबल’ ताटल्या, पेले व पिशव्या कोणत्या कचऱ्यात द्यायच्या हे ठरवून त्यांच्या विल्हेवाटीची सोय करण्याबाबत.

महोदय,

आम्ही खाली सह्या करणारे प्रभागातील गृहनिर्माण संस्थांचे पदाधिकारी, खाणावळचालक आणि कचरावेचक आहोत. राज्यात 23 मार्च 2018 च्या अधिसूचनेने प्लास्टिकबंदी आली. 1 जुलै 2022 पासून एकदाच वापरायच्या प्लास्टिकच्या ताटल्या, पेले व चमचे देशभर बंद झाले. त्यांची जागा ‘कंपोस्टेबल’ असा छाप असलेल्या वस्तूंनी घेतली. बंदीला आमचा पाठिंबाच आहे. पण जेवण आटोपल्यावर या वस्तूंचे करायचे काय, याचे उत्तर आम्हाला कुठेच मिळत नाही.

घंटागाडीवर यावरून रोज वाद होतात. हिरवी पिशवी ओल्यात टाकली, तर कर्मचारी ती प्लास्टिक समजून बाहेर काढतात. सुक्यात टाकली, तर भाव नाही म्हणून भंगारवाला घेत नाही. शेवटी ती डेपोवरच जाते.

मुळात या एका छापाखाली वेगवेगळ्या वस्तू विकल्या जातात. उसाच्या चिपाडाची ताटली किंवा पळसाची पत्रावळ फाडून टाकली, की सोसायटीच्या खतखड्ड्यात कुजते. मक्यापासून बनणाऱ्या पीएलएच्या पारदर्शक पेल्याचे तसे नाही. कंपोस्टेबल प्लास्टिकसाठीच्या आयएस 17088 या मानकाची कसोटी सुमारे 58 अंश सेल्सिअस तापमान राखून घेतात. 12 आठवड्यांनंतर 2 मिलिमीटरच्या चाळणीवर वस्तूचा 10 टक्क्यांहून अधिक भाग उरता कामा नये. सोसायटीच्या खड्ड्यात एवढी उष्णता टिकत नाही. तिसरा प्रकार निव्वळ फसवणुकीचा आहे : चंदेरी द्रोण किंवा कागदी पेल्याचा काठ फाडून पाहावा, आतून प्लास्टिकचा पापुद्रा सुटून येतो.

म्हणून आमच्या मागण्या पुढीलप्रमाणे :

1. कोणती वस्तू कोणत्या डब्यात, हे चित्रांसह सांगणारे मराठी पत्रक काढून प्रत्येक घंटागाडीवर लावावे. गाडीवरील कर्मचाऱ्यांनाही तीच लेखी सूचना द्यावी.

2. प्रमाणित कंपोस्टेबल प्लास्टिकसाठी किमान एका खतप्रकल्पात स्वतंत्र ढीग लावून त्याच्या तापमानाची नोंद ठेवावी. हे शक्य नसल्यास ‘या वस्तूंचे खत आपल्या शहरात होत नाही’ असे जाहीर करावे, म्हणजे नागरिक व खाणावळी समजूनउमजून खरेदी करतील.

3. कंपोस्टेबल पिशव्या विकणाऱ्यांकडील केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाचे प्रमाणपत्र तपासावे. कारवाईची सुरुवात घाऊक व्यापाऱ्यापासून व्हावी; वडापावच्या गाडीवाल्याला दंड करून माल बंद होत नाही.

4. विनापरवाना जागी शंभरहून अधिक लोकांचा कार्यक्रम असल्यास तीन कामकाजाचे दिवस आधी कळवण्याची तरतूद घनकचरा व्यवस्थापन नियम, 2016 ने केली. महाप्रसाद व भंडाऱ्याची अशी सूचना येताच आयोजकांना स्टीलची ताटे-वाट्या अनामत रकमेवर मिळतील, असे भांडी-केंद्र प्रत्येक प्रभागात उघडावे.

5. वर्गीकरणाचे हे वाढीव काम कचरावेचकांच्या हातून होते. त्यांना हातमोजे, छप्पर असलेली शेड आणि या कामाचा स्वतंत्र मोबदला द्यावा.

आमच्याकडून सोसायट्या खरकटे झटकून व ताटल्या फाडून कचरा देतील. घरून डबा आणणाऱ्या ग्राहकाला खाणावळी त्यातच जेवण भरून देतील.

गणेशोत्सवातील महाप्रसादांपूर्वी पहिल्या व चौथ्या मागणीवर निर्णय व्हावा, तसेच उर्वरित मागण्यांसाठी घनकचरा व्यवस्थापन विभागासोबत आमची बैठक लावून तिची तारीख लेखी कळवावी, ही विनंती.

आपले विश्वासू,
प्रभागातील रहिवासी, खाणावळचालक व कचरावेचक
(सह्यांची यादी सोबत जोडली आहे.)

प्रत माहितीसाठी : उपायुक्त, घनकचरा व्यवस्थापन विभाग.