साधार इतिहास आणि आपली जबाबदारी



व्यवसायाने मी डॉक्टर. केसपेपरवर तारीख नसेल, रोग्याला कोणी तपासले याची नोंद नसेल, तर तो कागद पुढील डॉक्टरच्या उपयोगाचा राहत नाही. हाच नियम आपण आपल्या इतिहासाला मात्र लावीत नाही, ही खंत या स्मरणिकेच्या निमित्ताने मांडू इच्छितो.

आपण राहतो त्या टोकियो नगरीचेच उदाहरण घेऊ. १ सप्टेंबर १९२३ च्या भूकंपात व त्यानंतरच्या आगीत शहराचा मोठा भाग भस्मसात झाला. शाही विद्यापीठाचे ग्रंथालय जळाले. तेथे आणलेला मॅक्सम्युलर यांचा ग्रंथसंग्रहही नष्ट झाला. अशा परिस्थितीत १९२४ साली ताकाकुसु जुंजिरो व वातानाबे काइग्योकु या विद्वानांच्या संपादनाखाली चिनी त्रिपिटकाची 'ताइशो' आवृत्ती निघू लागली आणि १९३४ पर्यंत तिचे १०० खंड पूर्ण झाले. कोरियातील प्राचीन प्रत आधाराला घेऊन इतर प्रतींतील पाठभेद पानाच्या तळाशी नोंदविण्यात आले. म्हणूनच जगभरचे अभ्यासक चिनी बौद्ध ग्रंथांचा दाखला देताना याच आवृत्तीचा खंड व पृष्ठ सांगतात. हे विद्वान बुद्धाचे उपासकही होते. पाठभेद नोंदविल्याने श्रद्धेला बाध येतो, असे त्यांना वाटले नाही.

बाबासाहेबही याच शिस्तीचे. जातिसंस्थेवरील त्यांचा कोलंबियातील निबंध १९१७ साली 'इंडियन अँटिक्वरी' या शोधपत्रिकेत छापून आला. 'द प्रॉब्लेम ऑफ द रुपी' हा ग्रंथ १९२३ साली लंडनहून प्रसिद्ध झाला. परंतु १९५६ च्या महापरिनिर्वाणानंतर त्यांची अप्रकाशित हस्तलिखिते दीर्घकाळ पेट्यांतच पडून राहिली. महाराष्ट्र शासनाने १९७९ साली पहिला खंड काढला, तो वसंत मून यांच्या संपादनाखाली. मून यांच्या परिश्रमांमुळेच ते साहित्य आज आपल्या हाती आहे. तरीही डिसेंबर २०२१ मध्ये या खंडांची छपाई रखडल्याच्या वृत्ताची मुंबई उच्च न्यायालयाला स्वतःहून दखल घ्यावी लागली. याची लाज शासनाला वाटावी, तशी आपणांसही वाटावी. जयंतीच्या हारतुऱ्यांना आपली वर्गणी कधी कमी पडत नाही. ग्रंथांची मागणी करताना मात्र आपला आवाज क्षीण होतो.

"हे शासनाचे आणि प्राध्यापकांचे काम, परदेशी राहणाऱ्या आपण काय करावे?" असे काहीजण म्हणतील. १९५६ च्या धम्मदीक्षेच्या वेळी माझे वडील नागपुरास गेले होते. सोबत कोण होते, कसे गेले, कोठे उतरले, हे मी त्यांना कधी विचारून लिहून घेतले नाही. वडील गेले आणि त्यांच्यासोबत तो दाखलाही गेला. हा दोष कोणत्याही शासनाचा नव्हे, माझा आहे.

म्हणून आरंभ या स्मरणिकेपासूनच व्हावा. प्रत्येक छायाचित्राखाली स्थळ, दिनांक व नावे असावीत. लेखकाने आपल्या विधानाचा आधार द्यावा. संपादकांनी तो मागावा, आणि मागितल्यास लेखकाने रुसू नये. जपानचे राष्ट्रीय संसद ग्रंथालय या देशातील प्रकाशने जतन करते. तेथे आपल्या प्रत्येक अंकाची प्रत जावी. घरातील वडीलधाऱ्यांच्या आठवणी दिनांकासह लिहून घ्याव्यात.

आपला इतिहास इतरांनी लिहिला, ही आपली जुनी तक्रार आहे आणि ती रास्तही आहे. आता लेखणी आपल्या हाती आहे. उद्या आपल्या नातवंडांनी "याला पुरावा काय?" असे विचारले, तर त्यांच्यापुढे ठेवावयास आपणांकडे छापील, साधार कागद असावा.

जयभीम!