मुलीचं स्थळ आणि मूकपटातले वडील

१९५९ मध्ये भिलाईत पहिली झोतभट्टी पेटली आणि पोलाद कारखान्याने देशभरची माणसं इथे आणली. त्यांची मुलं मराठी, तेलुगू, बंगाली, मल्याळी, छत्तीसगढी अशी एकाच शाळेत वाढली. त्यांच्यात प्रेम जुळलं तर नवल कसलं? तरीही लग्नाची गोष्ट निघाली की सेक्टरांपासून स्मृति नगरपर्यंत कितीतरी घरांत वडील ‘आपल्यातलं’ स्थळ शोधू लागतात. इथल्या मराठी मंडळींनी यंदा गणेशोत्सवात पडदा लावून चॅप्लिनचा १९१५ चा ‘ए जिटनी इलोपमेंट’ दाखवावा, असं मला मनापासून वाटतं. मोजक्या पाट्या सोडल्या तर त्याला भाषा लागत नाही. शेजारचं तेलुगू कुटुंबही सोबत बसू शकेल.

दोन रिळांच्या या विनोदी मूकपटात वडिलांनी मुलीसाठी एक सरदार नक्की केलेला असतो, पण त्याला पाहिलेलं मात्र नसतं. म्हणून तिचा प्रियकर चार्ली सरदार बनून येतो, तेव्हा वडील त्यालाच मानाने जेवायला बसवतात. त्यांनी पारख केली ती पदवीची, माणसाची नाही. बायोडेटातलं पॅकेज आणि घराणं पाहून होकार देणारे आपण तरी वेगळं काय करतो? देवलांच्या ‘शारदा’ नाटकातला (१८९९) मुलीचा बाप कांचनभट आपला लोभ बोलण्यात झाकू शकतो, मूकपटातल्या बापाला ती सोय नाही. तिथे फक्त त्याची धावपळ दिसते, आणि शेजारी मुलीचा चेहरा.

वडिलांची काळजी खोटी असते का, असं कुणी विचारेल. नसते. लग्नात फसवणूक होते, म्हणून चौकशी करावी, शंका स्पष्ट बोलून दाखवावी. त्यात गैर काही नाही. पण चौकशी वेगळी आणि नकाराधिकार वेगळा. केरळातल्या हादिया प्रकरणात वडिलांच्या याचिकेवर उच्च न्यायालयाने सज्ञान मुलीचं लग्न रद्द ठरवलं होतं; २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला आणि जोडीदार निवडणं हा घटनेच्या २१व्या कलमातल्या स्वातंत्र्याचा भाग मानला. एवढ्या गंभीर विषयावर हसायचं कसं, हा आक्षेपही मला पटत नाही. भाषणात आपल्यावर ठपका येतोय असं वाटलं की बाप कान बंद करतो. पडद्यावरच्या बापाला हसताना त्याला स्वतःचा बचाव करावा लागत नाही. त्या रात्री मुलगीही शेजारच्या खुर्चीत असावी, आणि घरी परतताना तिला काय वाटलं हे त्याने विचारावं.