अळत्याचे तीन भाव

काल्पनिक राज्यांच्या कथा आता मराठीतही लिहिल्या जात आहेत. महाविद्यालयीन वार्षिकांकांसाठी आमच्याकडे येणाऱ्या लेखनातही त्या वरचेवर दिसू लागल्या आहेत. या राज्यांत एक गोष्ट हमखास सापडते : प्रत्येक कुळाला एक रंग, त्या रंगाला एक धंदा आणि धंद्याला एक शील. निळ्यांनी सागरी व्यापार करावा आणि दिला शब्द पाळावा. तांबड्यांनी शस्त्रे घडवावीत आणि शूर असावे. करड्यांनी ओझी वाहावीत आणि कुरकुर करू नये. लेखक मोठ्या अभिमानाने याला ‘त्या जगाचे तत्त्वज्ञान’ म्हणतो. आमच्या मते यात कल्पनाशक्तीपेक्षा स्मरणशक्तीच अधिक खर्ची पडलेली असते, आणि लेखकाला त्याचा पत्ताही नसतो.

कारण रंग, धंदा आणि शील यांना एका दाव्याला बांधणारा शब्द आपल्याकडे जुनाच आहे : वर्ण. शांतिपर्वात भृगू भरद्वाजाला चारही वर्णांचे रंग सांगतो. ब्राह्मण श्वेत, क्षत्रिय तांबडे, वैश्य पिवळे, शूद्र काळे. मौज अशी की भरद्वाज ते निमूटपणे ऐकून घेत नाही. रंगावरून वर्ण ठरणार असेल तर सगळीच सरमिसळ दिसते. काम, क्रोध, भय, भूक, श्रम तर सर्वांनाच आहेत, मग भेद कशाने करायचा, असे तो विचारतो. त्यावर भृगूलाही भेद मुळात नव्हता, तो कर्माने पडला, असे म्हणावे लागते. हक्स्लीने १९३२ साली ‘ब्रेव्ह न्यू वर्ल्ड’मध्ये माणसांचे वर्ग पाडून त्यांना करडे, हिरवे, खाकी, काळे कपडे चढवले, तेव्हा वाचकाला धडकी भरावी हाच त्याचा हेतू होता. आमचे नवे लेखक मात्र तीच मांडणी सजावट म्हणून वापरतात. भरद्वाजाचा प्रश्न विचारणारे एकही पात्र त्यांच्या राज्यात नसते.

ही मांडणी कुठवर नेता येते हे पाहायचे असेल तर सगळे रंग बाजूला ठेवून एकच रंग हाती घ्यावा. आम्ही अळता घेतो. लाखेच्या किड्यापासून निघणारा हा तांबडा रंग बायकांच्या पायांना लागला आणि काव्यात गेला. पण तो बाजारात विकला जाणारा जिन्नसही होता, आणि नीतीच्या ग्रंथांनी त्याच्यावर आपापली मते नोंदवून ठेवली आहेत.

मनुस्मृतीच्या दहाव्या अध्यायात, आपत्काळी वैश्यवृत्तीवर जगणाऱ्या ब्राह्मणाने काय विकू नये याची यादी आहे. तीत रंगवलेले वस्त्र आहे, नीळ आहे आणि लाखही आहे. लाख, मांस आणि मीठ विकणारा ब्राह्मण तत्काळ पतित होतो. येथे प्रश्न विकणारा कोण एवढाच आहे. जैन श्रावकाला वर्ज्य असलेल्या पंधरा व्यवसायांतही लाखेचा व्यापार येतो. पण तेथे भीती किड्यांच्या हत्येची आहे. विकणारा कोण यापेक्षा मरणारा कोण हे तेथे पाहिले जाते. तिसरा आहे शांतिपर्वातलाच तुलाधार. वाराणसीचा हा वाणी तपस्वी जाजलीला धर्म शिकवतो, आणि शिकवताना आपल्या दुकानात काय काय आहे तेही सांगतो. त्यात चक्क अळता आहे. मद्य तेवढे तो विकत नाही. बाकी सारे दुसऱ्याच्या हातून घ्यायचे आणि कपट न करता विकायचे, आणि तराजू सर्वांना सारखा. त्याच्या लेखी प्रश्न विकण्याच्या रीतीचा आहे.

एकाच रंगाचे असे तीन भाव ज्या परंपरेत लागले, तिच्यातून आमचा कथाकार नेमका पहिलाच उचलतो : कोणी काय करावे, एवढाच.

(जैनांच्या लेश्या आणि वृत्राला सनत्कुमार सांगतो ते जीवाचे सहा वर्ण येथे आठवावेत. तेथे रंग जन्माने चिकटत नाही, वृत्तीप्रमाणे पालटतो. तरीही पायरीवर सर्वांत खाली काळा आणि वर पांढरा, हे काही सुटत नाही. काळ्याभोर जमिनीवर जगणाऱ्या आमच्या मुलखाला तरी ते खटकायला हवे.)

‘युगान्त’ आणि ‘व्यासपर्व’ यांनी मराठी वाचकाला महाभारतातल्या माणसांकडे पाहायला शिकवले, हे ऋण मोठेच. पण अभ्यासक्रमातले महाभारत बहुधा युद्धाबरोबर संपते. तुलाधारापर्यंत कोणी पोचत नाही. तो शिकवावा असे आम्ही म्हणतो, आणि त्याची आरती न ओवाळता शिकवावा. हाच तुलाधार शेतीला क्रूर वृत्ती ठरवतो. लोखंडी तोंडाचे लाकूड जमीन आणि जमिनीतले जीव मारते, जुंपलेल्या बैलांचे हाल पाहा, असे तो जाजलीला सुनावतो. आष्टीच्या परिसरातल्या वर्गात हे सांगून पाहावे. समोरची निम्मीअधिक मुले कापूस पिकवणाऱ्या घरांतली. कापसाच्या बाजारात रंग म्हणजे काय ते त्यांना कोणी समजावून द्यावे लागत नाही. वेचणीच्या ऐन दिवसांत पाऊस झाला, बोंडे भिजली, कापूस पिवळट पडला की भाव उतरतो. वेचणाऱ्या बाईचे श्रम तेवढेच, बियाण्याचे पैसे तेवढेच. आणि काटा अगदी बिनचूक असला तरी रंग चांगला की वाईट हे ठरवणारा काट्याच्या पलीकडे उभा असतो. या मुलांना तुलाधाराची समबुद्धी पटते, पण त्याचे दुकान पटत नाही. किडे दुसऱ्याने मारले, नांगर दुसऱ्याने धरला आणि वाण्याचे हात स्वच्छ राहिले, हा आक्षेप त्यांना टीपांतून शिकवावा लागत नाही.

काल्पनिक राज्य लिहिणाऱ्याने हा आक्षेप आपल्या नगरात शिरू द्यावा. निळ्यांच्या जहाजात नीळ भरलीच असेल, तर तिच्या हौदात दिवसभर उभ्या राहणाऱ्या माणसाचे पाय कोणत्या रंगाचे झाले आणि त्याला कोणत्या कुळात धरतात, हे त्याने एकदा लिहून पाहावे.